कवायतीचा तास

आमच्या वसाहतीच्या नावाने गावाकडच्या नातलगांची अनेक वर्षे दिशाभूल केली. पत्त्यावर आम्ही ‘पंडरी, रायपूर’ असे स्वच्छ अक्षरात लिहून पाठवावे आणि साताऱ्याहून किंवा अकोल्याहून येणाऱ्या उत्तरावर ‘पंढरी, रायपूर’ असे शुद्ध करून यावे, असा प्रकार घरोघर घडे. पोस्टमनची त्याबद्दल तक्रार नव्हती, आमचीही नव्हती. ज्या ठिकाणी कापडाची बाजारपेठ, बसगाड्यांचा गलबला आणि धमतरीकडे जाणाऱ्या छोट्या लाईनीच्या इंजिनाची शीळ एवढेच वैभव, त्या ठिकाणाला एका अक्षराच्या कृपेने विठोबाचे सान्निध्य लाभत असेल, तर ते कोणी का नाकारावे? आज ती छोटी गाडी शहरातून धावत नाही आणि बसस्थानकही २०२१ साली भाठागावास गेले. तथापि मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त मागे वळून पाहताना आमच्या कानांत या दोहोंपेक्षा आणखी एक ध्वनी घुमतो. तो आहे शाळेच्या मैदानावरील शिटीचा, आणि तिच्यापाठोपाठ येणाऱ्या ‘सावधान!’ या आज्ञेचा.

आठवी संपली की मिडल स्कूल संपे आणि नववीपासून हायस्कूल सुरू होई. त्या पहिल्या वर्षी आमच्या आयुष्यात अनेक नव्या गोष्टी एकदमच आल्या. फुलपँट आली, बीजगणित आले, आवाज फुटला, आणि वेळापत्रकात ‘शारीरिक शिक्षण’ असा भारदस्त शब्द आला. घरी मात्र त्यास ‘कवायतीचा तास’ किंवा ‘पी.टी.’ असेच म्हणत. ‘सावधान’ हा शब्द मराठी घरातील मुलास नवा नव्हता. लग्नमंडपात हा शब्द ऐकून बोहल्यावरून निघून गेलेल्या समर्थ रामदासांची आख्यायिका त्याने आजीकडून ऐकलेली असे. त्याच समर्थांनी पुढे गावोगाव मारुतीची स्थापना करून बलोपासनेचा मार्ग दाखविला, हेही त्यास ठाऊक असे. त्यामुळे हिंदी शाळेच्या मैदानावर ती आज्ञा झाली की आमच्यापैकी एखादा हळूच पुटपुटे, “आता पळा!” आणि रांगेत खसखस पिके.

या तासाचा इतिहास सहसा कोणी लिहीत नाही. ज्या विषयास परीक्षेत गुण नाहीत, त्यास इतिहासातही जागा नसावी, असाच जणू संकेत आहे. परंतु तो तास आमच्यापर्यंत कोणत्या वाटांनी आला याचा शोध घेऊ लागलो, तेव्हा त्यांतील कितीतरी वाटा मराठी मुलुखातूनच आलेल्या आम्हांस आढळल्या. परप्रांतात वाढलेल्या आपल्या मुलाबाळांस त्या ठाऊक असाव्यात, एवढ्याच हेतूने हा लेखनप्रपंच.

तालीम आणि परेड

व्यायाम ही शाळेत शिकविण्याची वस्तू आहे, ही कल्पना आपल्याकडे तशी अर्वाचीन आहे. पूर्वी व्यायाम तालमीत होई. लाल माती, जोर, बैठका, जोडी, करेल आणि वस्तादाचा दरारा, हीच ती पाठशाळा. मल्लखांबाची कथा तर प्रत्येक मराठी माणसाने अभिमानाने सांगावी अशी आहे. बाराव्या शतकातील चालुक्य राजा सोमेश्वर याच्या ‘मानसोल्लास’ ग्रंथात मल्लांच्या सरावासाठी असलेल्या स्तंभाचा उल्लेख येतो. पुढे ही विद्या मागे पडली होती. तिला दुसऱ्या बाजीरावाच्या काळात बाळंभटदादा देवधर यांनी नवे जीवन दिले. निजामाकडून आलेल्या अली व गुलाब या मल्लांचे आव्हान पुण्यात कोणी स्वीकारीना, तेव्हा तरुण बाळंभटांनी ते स्वीकारले. सप्तशृंगीच्या डोंगरावर त्यांनी उपासना केली, झाडावरील वानरांच्या हालचालींवरून त्यांस मल्लखांबाच्या उड्या सुचल्या आणि त्यांनी अलीस चीत केले, अशी परंपरागत कथा आहे. तीत भक्तीचा भाग किती आणि घडलेले किती हे ज्याचे त्याने ठरवावे. पेशवाई बुडाल्यावर ही विद्या बिठूर व काशी येथेही गेली, आणि झाशीच्या राणीने बालपणी मल्लखांबाचे धडे घेतल्याचे परंपरा सांगते. म्हणजे मराठी माणसाबरोबर परमुलुखास निघालेल्या सामानात तांब्याची भांडी आणि देव्हाऱ्यातील टाक यांच्याबरोबर हा खांबही होता.

छत्तीसगढातही मराठी माणूस असाच आला. १७५८ पासून बिंबाजी भोसले यांनी रतनपुरास राहून कारभार पाहिला. १८१८ नंतर इंग्रज अधीक्षकाने मुख्य ठाणे रतनपुराहून रायपुरास हलविले. १८५४ साली नागपूरचे राज्य खालसा झाले. १८६१ मध्ये मध्यप्रांत निर्माण झाला आणि कचेऱ्या, शाळा व रेल्वे यांच्या चाकरीत नागपूर-वऱ्हाडकडील कुटुंबे येथे येत राहिली. ‘छत्तीसगढ मित्र’ हे हिंदी मासिक १९०० साली पेंड्र्याहून काढणारे माधवराव सप्रे हे मराठी घराण्यातले, आणि त्या कामी त्यांचे सहकारी असलेले वामन बळिराम लाखे हेही मराठीच. आज सप्र्यांच्या नावाच्या शाळेचे मैदान रायपुरातील कित्येक पिढ्यांच्या धावण्याने झिजले आहे. दासबोध हिंदीत आणणाऱ्या पुरुषाचे नाव एका क्रीडांगणास चिकटून राहावे, हा योगायोग समर्थांसही आवडला असता.

सरकारी शाळेत व्यायाम आला तो मात्र तालमीतून नव्हे, तर छावणीतून. युरोपात त्यापूर्वीच या विषयाची दोन मोठी पीठे निर्माण झाली होती. बर्लिनजवळ यान याने १८११ मध्ये उघड्यावर व्यायामभूमी सुरू केली आणि स्टॉकहोममध्ये लिंग याने १८१३ मध्ये व्यायामशिक्षकांची संस्था स्थापन केली. तेथील पद्धती इंग्लंडमार्गे सैनिकी कवायतीचा पेहराव करून हिंदुस्थानात उतरल्या. १८८२ च्या हंटर आयोगाने देशी खेळ, जिम्नॅस्टिक व शालेय कवायत यांना उत्तेजन द्यावे, अशी शिफारस केली. त्यांतील ‘देशी खेळ’ बहुतेक ठिकाणी कागदावर राहिले. कवायत तेवढी मैदानावर आली. लष्करातून निवृत्त झालेला एखादा हवालदार नेमावा, त्याने मिशीला पीळ देत मुलांना डावे-उजवे शिकवावे, की कर्तव्य संपले! मूल निरोगी व्हावे यापेक्षा ते आज्ञाधारक व्हावे, ही सरकारची इच्छा असल्यास नवल नव्हते. घरची तालीम आणि शाळेची परेड अशा दोन विद्या मग एकमेकींकडे पाठ करून उभ्या राहिल्या.

अमरावतीची वाट

या दोघींची भेट घडवून आणण्याचे श्रेय ज्यांस आहे, त्यांत आमच्या दृष्टीने पहिला मान अमरावतीचा. वैद्य बंधूंनी, म्हणजे अंबादासपंत व अनंतराव यांनी, १९१४ साली तेथे हनुमान आखाडा सुरू केला आणि त्यातूनच श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ उभे राहिले. आखाड्यातील विद्या गुपचूप एका शिष्यास द्यावयाची नसून ती पद्धतशीर वर्ग लावून सर्वांस शिकवावयाची आहे, आणि शिकविणारेही घडवावयाचे आहेत, ही त्या मंडळाची दृष्टी होती. त्याच्या उन्हाळी वर्गांस ठिकठिकाणचे शिक्षक येत. १९३६ साली बर्लिनच्या ऑलिंपिक प्रसंगी मंडळाच्या पथकाने हुतूतू, मल्लखांब इत्यादी देशी व्यायामांची प्रात्यक्षिके करून दाखविली, आणि १९४९ मध्ये ते लिंगच्या स्मरणार्थ भरलेल्या स्टॉकहोमच्या ‘लिंगियाड’ मेळाव्यातही गेले. ज्या देशातून कवायत आपल्याकडे आली, त्याच देशात वऱ्हाडच्या पोरांनी आपला खांब रोवला!

रायपूरकरांसाठी यात आणखी एक जिव्हाळ्याची गोष्ट आहे. १९०३ साली वऱ्हाड मध्यप्रांतास जोडला गेला. तेव्हापासून १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत अमरावती आणि रायपूर ही एकाच प्रांतातील शहरे होती. राजधानी एक, नागपूर, शिक्षणखातेही एकच. आज राज्याच्या सीमेपलीकडे वाटणारे अमरावती त्या काळी प्रांतातल्या प्रांतात होते. तेथे शिकलेल्या गुरुजीस छत्तीसगढातील शाळेत येण्यास प्रांत ओलांडावा लागत नसे.

त्याच सुमारास इतर मराठी केंद्रांतही हेच मंथन चालू होते. बडोद्यास प्रा. माणिकराव यांनी आपले मुसलमान गुरू उस्ताद जुम्मादादा यांच्या नावाने व्यायाममंदिर चालविले आणि संघव्यायामाचा पुरस्कार केला. एकाच वेळी शेकडो मुलांनी करावयाच्या व्यायामास देशी वळण देणे हे त्यांचे मोठे कार्य. त्यांच्याच शिष्यांपैकी स्वामी कुवलयानंद यांनी १९२४ साली लोणावळ्यास कैवल्यधामची स्थापना करून योगासनांस प्रयोगशाळेच्या कसोटीवर घासून पाहिले. पुण्यात डेक्कन जिमखान्याने १९१४ च्या सुमारास खो-खोचे नियम बांधले. औंधचे अधिपती भवानराव पंतप्रतिनिधी यांनी आपल्या संस्थानातील शाळांत सूर्यनमस्कार सुरू केले आणि स्वतःही ते नित्यनेमाने घातले. बडोद्याच्याच दत्तात्रय चिंतामण करंदीकर-मुजुमदार यांनी ‘व्यायाम ज्ञानकोश’ दहा खंडांत सिद्ध केला. तिकडे मद्रासेत अमेरिकेहून आलेले हॅरी क्रो बक यांनी १९२० साली वाय.एम.सी.ए.चे शारीरिक शिक्षण महाविद्यालय स्थापून पाश्चात्त्य पद्धतीचे शिक्षक तयार केले, आणि मुंबई सरकारने १९३८ मध्ये कांदिवलीस स्वतःची प्रशिक्षणसंस्था उघडली. या सर्वांचा परिपाक म्हणून ‘हवालदार’ हळूहळू मागे सरला आणि त्याच्या जागी ‘व्यायामशिक्षक’ आला.

स्वातंत्र्यानंतरची घडण

१९४८ साली राष्ट्रीय छात्रसेना आली. १९५४ साली राष्ट्रीय शिस्त योजनेस प्रारंभ झाला. तिचे प्रवर्तक जनरल जगन्नाथराव भोसले हे सावंतवाडीकडचे, आझाद हिंद सेनेतील अग्रणी. फाळणीने उखडलेल्या मुलांच्या दिल्लीतील कस्तुरबा निकेतनात त्यांनी हा प्रयोग प्रथम केला. घर गमावलेल्या मुलांस रांगेत उभे राहण्यातून, एका तालावर पावले टाकण्यातून पुन्हा उभारी यावी, ही त्यामागील भूमिका होती. परमुलुखात राहणाऱ्या आम्हांस तिचे मर्म कळावयास वेळ लागत नाही.

१९५६ साली विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि छत्तीसगढ नव्या मध्यप्रदेशात राहिला. अमरावतीची वाट परराज्यात गेली. परंतु पुढच्याच वर्षी, सत्तावनच्या समराच्या शताब्दीस, ऑगस्ट १९५७ मध्ये ग्वाल्हेरला लक्ष्मीबाई शारीरिक शिक्षण महाविद्यालय सुरू झाले. जेथे राणीने देह ठेवला, त्याच नगरात, तिच्याच नावाने. व्यायामशिक्षक होऊ इच्छिणाऱ्या रायपूरच्या तरुणाची वाट आता त्या दिशेने वळली. ती वाटही एका मराठी नावापाशीच जाऊन पोहोचली.

नववीचा तास

प्रत्यक्ष तास कसा असे? चाळीस मिनिटांची तासिका. उंचीप्रमाणे रांग, सर्वांत उंच उजव्या टोकाला. प्रथम मैदानाला दोन फेऱ्या. मग मान, खांदे, कंबर, गुडघे अशा क्रमाने सांधे मोकळे करणारे व्यायाम, एक-दो-तीन-चारच्या तालावर. त्यानंतर साधने. लाकडी डंबेल्स, लाठी, कधी लेझीम. शेवटची पंधरा मिनिटे खेळाची. खो-खो, कबड्डी किंवा व्हॉलीबॉल. आणि निरोपापूर्वी दीर्घ श्वसन. हा क्रम तेव्हा आम्हांस निव्वळ रुक्ष वाटे. पुढे कळले की त्यात शास्त्र होते. शरीर आधी तापवावे, मग वाकवावे, मग श्रमवावे, मग आनंदवावे आणि अखेर शांत करावे, हा तो क्रम होता.

आणि तो नववीतच का महत्त्वाचा, हेही उमगले. चौदाव्या वर्षाच्या आसपास हाडे भराभर वाढतात, स्नायू मागे राहतात. मुलगा दारास धडकतो, पेला सांडतो, स्वतःच्याच हातापायांचा त्यास विसर पडतो. या वयात शरीराची लाज वाटू लागते. कवायतीच्या तासात ती लाज सर्वांत सारखी वाटली जाई. जाडा, काडीपैलवान, चष्मेवाला, सगळे एकाच रांगेत! आमच्यासाठी तर तो तास आणखी काही होता. वर्गात आमचे हिंदी मराठी वळणाचे. ‘मी आलो होतो’ची भाषांतरित रूपे ऐकून वर्ग हसे. मैदानावर मात्र व्याकरण चालत नसे. खो-खोतला ‘खो’ छत्तीसगढी मुलगाही तसाच देई, सिंधी मुलगाही तसाच घेई. या शहराने आम्हांस आपले म्हटले ते प्रथम मैदानावर.

आमच्या भगिनींचा अनुभव मात्र असा नव्हता. मुलगी नववीत गेली की तिचे धावणे घरच्यांच्या डोळ्यांत खुपू लागे. ज्या मुलींच्या शाळेत आमच्या बहिणी जात, तेथे कवायतीच्या तासास पुष्कळदा विणकाम चाले. त्यांस खेळ उरला तो अंगणातला. येथे एक गंमत सांगावीशी वाटते. मंगळागौरीत आपण जी फुगडी घालतो, तो शब्द छत्तीसगढी मुलीही आपल्या खेळासाठी वापरतात. त्यांची फुगडी उकिडवे बसून पाय पुढेमागे फेकीत खेळावयाची, आपली हात धरून गरगर फिरावयाची. अंगण एक, शब्द एक, खेळ दोन! आमच्या आया दोन्ही खेळत. शाळेने न दिलेली तासिका त्यांनी श्रावणात स्वतःच मिळविली होती.

आमचा कबुलीजबाब

इतिहास सांगणाऱ्याने स्वतःस सोडून चालत नाही. हा तास पुढे क्षीण झाला, याचा दोष सरकारला देणे सोपे आहे, आणि तो काही अंशी खराही आहे. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याने शाळेस क्रीडांगण हवे असे म्हटले. पण तो कायदा आठवीपर्यंतच्या मुलांचा, नववीचे मूल त्याच्या कक्षेबाहेर राहिले. केंद्रीय मंडळाने २०१८ पासून नववी ते बारावीस आरोग्य व शारीरिक शिक्षण अनिवार्य केले. परंतु वेळापत्रकातील तास आणि मैदानावरील तास यांत अंतर असते, हे प्रत्येक पालक जाणतो.

पण आमचे काय? आमची मुले नववीत गेली तेव्हा, आम्ही काही पालकांनी मिळून त्यांच्या शाळेस एक विनंतीअर्ज दिला होता. दहावीची तयारी नववीपासूनच व्हावी, म्हणून कवायतीचे तास गणितास द्यावेत, असा त्याचा आशय होता. खाली सह्या केल्या त्या आम्हीच. जे स्वतः मैदानावर वाढलो होतो तेच. शाळेने विनंती तत्परतेने मान्य केली. मुलांना गुण चांगले मिळाले, ती पुण्या-बंगळूरला, काही सागरापलीकडे गेली. मात्र गणेशोत्सवात एके वर्षी मंडळाने लेझीमचे पथक उभे करावयाचे ठरविले, तेव्हा मांडवात उभी राहिली ती पन्नाशीची मंडळी. तरुण मुले भोवती उभी राहून छायाचित्रे काढीत होती. कोणी उद्धटपणे नकार दिला नव्हता. त्यांना ताल धरता येत नव्हता, एवढेच. तो ताल आम्हीच सही करून गणितास देऊन टाकला होता.

नारायणपूरचा खांब

या लेखाचा शेवट याच खिन्नतेवर करावा लागला असता. परंतु छत्तीसगढाच्या मातीनेच आम्हांस त्यातून सोडविले. अबुझमाडच्या अरण्यास लागून असलेले नारायणपूर गेली काही दशके वर्तमानपत्रांत गोळीबाराच्या बातम्यांपुरतेच येत असे. तेथे पोलीस दलातील एका प्रशिक्षकाने आदिवासी मुलांस मल्लखांब शिकविण्यास आरंभ केला. साधने तुटपुंजी, मैदान साधे. पण झाडावर लीलया चढणाऱ्या त्या मुलांस खांब परका वाटला नाही. सप्तशृंगीवर बाळंभटांस वानरांनी जे शिकविले असे कथा म्हणते, ते या मुलांच्या अंगी जन्मापासूनच होते. मल्लखांबाचा २०२२ साली हरियाणात झालेल्या खेलो इंडिया युवा स्पर्धेत देशी खेळांसह समावेश झाला, आणि २०२३ साली अबुझमाडच्या मल्लखांब पथकाने ‘इंडियाज गॉट टॅलेंट’ ही दूरदर्शन-वाहिनीवरील देशव्यापी स्पर्धा जिंकली.

त्या रात्री पंडरीतील आमच्या घरी तीन पिढ्या पडद्यासमोर बसल्या होत्या. मुले डोळे विस्फारून पाहत होती. नातवाने विचारले, “आजोबा, हा कुठला खेळ?” आम्ही उत्तर देणार, तोच आमची सून, जी येथीलच छत्तीसगढी घरची लेक आहे, अभिमानाने म्हणाली, “अपने नारायणपुर का है!” आम्ही गप्प राहिलो. बाळंभटदादांची गोष्ट ओठांवर आली होती. पण तिचे म्हणणेही खरेच होते. विद्या ज्याच्या अंगी मुरते त्याची ती होते. आपण खांब येथवर आणला असेल, चढले ते. दुसऱ्या दिवशी मात्र नातवास बाळंभटदादांची कथाही सांगितली आणि तिच्यापुढे नारायणपूरची जोडली. आता ती एकच कथा आहे.

सुवर्णमहोत्सवी वर्षात मंडळापुढे सभागृहाच्या नूतनीकरणाच्या, ग्रंथालयाच्या, नाट्यमहोत्सवाच्या अनेक योजना आहेत, आणि त्या सर्व स्तुत्य आहेत. आमची मागणी लहान आहे. मंडळाच्या आवारात एक खांब रोवावा. चांगल्या शिसवीचा किंवा सागाचा, खाली रुंद, वर निमुळता. शेजारी एरंडेलाची बाटली आणि अंथरण्यास जाड गादी. शनिवारी, मारुतीच्या वारी, सायंकाळी एक तास तेथे नववीच्या वयाची मुले आणि मुली जमावीत. मराठी घरची आणि शेजारचीही. शिकविण्यास नारायणपूरचा एखादा तरुण आला तर सोन्याहून पिवळे! आज्ञा हिंदीत द्याव्यात की मराठीत, यावर कार्यकारिणीने वाद घालू नये. ‘सावधान’ हा शब्द दोन्हीकडे एकच आहे.

आणि त्या तासाच्या जागी गणित ठेवावे असा अर्ज कोणी घेऊन आलाच, तर सचिवांनी तो आमच्याकडे पाठवावा. तसा अर्ज कसा लिहितात आणि त्याची किंमत काय पडते, हे आम्हांस ठाऊक आहे.